ऑस्ट्रेलियन वाइन प्यायची तर सुरुवात पांढरीपासून करा

टोरेन्सकाठचा

ऑस्ट्रेलियन वाइन म्हटलं की आपल्याकडच्या बहुतेकांच्या डोळ्यांसमोर एकच बाटली येते. काळपट जांभळी शिराझ, साडेचौदा टक्के अल्कोहोल, पहिल्या घोटाला जांभूळ-चॉकलेट आणि तिसऱ्या घोटाला कंटाळा. ड्यूटी फ्रीमधून येते तीच, पाहुणे आणतात तीच. अशा बाटल्या इथे ढिगाने बनतात, खोटं कशाला बोला. पण तेवढ्यावरून अख्ख्या देशाला शिक्का मारणं मला पटत नाही. अ‍ॅडलेडमध्ये बरीच वर्षं काढली आहेत, म्हणून हा धागा. माझं म्हणणं सरळ आहे: लाल जरा बाजूला ठेवा, आधी पांढऱ्या प्या. इथल्या सगळ्यात वेगळ्या वाइन्स पांढऱ्या आहेत, आणि दर्जाच्या मानाने त्या स्वस्तही आहेत.

अ‍ॅडलेडहून उत्तरेला गाडीने दोनेक तासांवर क्लेअर व्हॅली. एवढ्या तापट भागात रीस्लिंगसारखं थंडीचं द्राक्ष येतं कसं? बागा चारशे-पाचशे मीटर उंचीवर आहेत. दिवसा ऊन भाजून काढतं आणि रात्री स्वेटर लागतो, त्यामुळे द्राक्ष पिकतं पण त्याचा आंबटपणा मरत नाही. ताजी क्लेअर रीस्लिंग नाकाशी धरली की कागदी लिंबाची साल नखाने खरवडल्यासारखा वास येतो, आणि तोंडात ती खडखडीत कोरडी असते. 'रीस्लिंग म्हणजे गोड' असं म्हणणाऱ्यांनी मुद्दाम पिऊन बघावी. वॉटरव्हेल आणि पोलिश हिल हे क्लेअरमधलेच दोन भाग. वॉटरव्हेलची मोकळीढाकळी, लगेच आवडणारी. पोलिश हिलची पाटीच्या दगडावर वाढलेली, ताठ, पहिली काही वर्षं फारसं बोलतच नाही. जेफ्री ग्रॉसेट दोन्हीकडच्या वेगळ्या बाटल्या भरतात. शेजारी शेजारी ठेवून प्यायची संधी मिळाली तर सोडू नका.

जुनी झालेली रीस्लिंग हे आणखी वेगळं प्रकरण. सात-आठ वर्षांनी तिला भाजलेल्या पावाचा, मधाचा आणि (दचकू नका) रॉकेलचा वास यायला लागतो. उन्हात वाढलेल्या रीस्लिंगमध्ये तो जास्त. काहींना तो दोष वाटतो. मला थोडा हवा असतो, स्टोव्ह पेटवल्याइतका नको.

दुसरी पांढरी हंटर व्हॅलीची सेमियाँ. हंटर सिडनीच्या उत्तरेला, दमट, गरम, आणि नेमका तोडणीच्या वेळी पाऊस. शहाण्या माणसाने तिथे द्राक्ष लावू नये अशी जागा. तिथल्या लोकांनी तोड काढली ती अशी: द्राक्ष लवकर तोडायचं, साखर कमी असतानाच. वाइन बनते जेमतेम दहा-अकरा टक्क्यांची, लाकडी पिंपाचा स्पर्शही नाही. नवी असताना पाण्यात लिंबू पिळल्यासारखी, रंगसुद्धा नसल्यात जमा. हंटरमधल्या टिरेल्स वायनरीची व्हॅट १ ही सेमियाँ, नवी आणि दहा वर्षांची, एका टेबलावर आली तेव्हा समोर बसलेला मित्र दोन्ही एकाच द्राक्षाच्या आहेत हे मानायलाच तयार नव्हता. जुनीचा रंग पिवळाधमक, वास टोस्टवर लोणी आणि मध लावल्याचा, आणि त्याखाली तोच जुना लिंबू जागच्या जागी. पिंपाशिवाय टोस्टचा वास येतो कुठून, तर बाटलीत नुसतं पडून राहून.

शार्डनेवर फार लिहीत नाही, ती सगळ्यांना माहीत असते. मार्गारेट रिव्हर, यारा आणि टास्मानिया या तीन ठिकाणची घ्या. लोण्यासारखी जड शार्डने बनवण्याचे दिवस इथे कधीच गेले.

चाखण्याबद्दल एकच सूचना. एका वेळी एक बाटली पिऊन काही कळत नाही. चार मित्र जमवा, तीन बाटल्या आणा, एकच द्राक्ष आणि तीन प्रदेश. ग्लास सारखे, ओतायची थोडीच. आधी तिन्हींचा नुसता वास घ्या, मग प्या. पांढरी फ्रीजमधून काढल्यावर पंधरा मिनिटं बाहेर राहू द्या, बर्फासारखी गार असली की वास मिटून बसतो.

लालबद्दल प्रतिसादांत बोलू.


झणझणीत

मस्त धागा. वाचनखूण साठवली. पण पुण्यात बसून प्रश्न असा की आपल्या जेवणाशी यातलं काय जातं? मागे तांबड्या रश्शाबरोबर एक शिराझ उघडली होती, तोंडाची आग आग झाली.


टोरेन्सकाठचा

@झणझणीत, तिखटाबरोबर जास्त अल्कोहोल घेतलं की आग भडकते, आणि लाल वाइनमधलं तोंड आकसवणारं कडक टॅनिनही तेच करतं. तांबड्या रश्शाला साडेचौदा टक्क्यांची शिराझ म्हणजे रॉकेल ओतणंच झालं (हे वरचं रॉकेल नव्हे). बोंबील, सुरमई, कोळंबी, काहीही तळलेलं: क्लेअर किंवा बारोसाच्या शेजारच्या ईडन व्हॅलीची रीस्लिंग. अळूवडीला किंचित गोडवा ठेवलेली रीस्लिंग घ्या, चिंचगुळाशी छान जमते. तिसऱ्यांचं सुकं तिखट नसेल तर नवी सेमियाँ. सुकं मटण असेल तर फेसाळणारी शिराझ, म्हणजे लाल, थंडगार, बुडबुड्यांची. इथे नाताळात टर्कीबरोबर पितात. परदेशी वाइनवाले तिला नाकं मुरडतात. मुरडू देत.


शंकासुर

लेख आवडला, पण एक शंका. मी इथे बघितलेल्या जवळपास सगळ्या ऑस्ट्रेलियन बाटल्यांना फिरकीचं झाकण होतं. बूच नाही म्हणजे स्वस्तातला माल, असं आमच्या दुकानदाराचं मत. दहा वर्षं ठेवायची वाइन पत्र्याच्या झाकणात?


जुनं खोड

@शंकासुर, दुकानदाराला सांगा की २००० साली क्लेअरमधल्या रीस्लिंगवाल्यांनी एकत्र येऊन आपली वाइन फिरकीच्या झाकणात भरायला घेतली, आणि तीही चांगली वाइन, उरलेला माल नव्हे. कारण साधं होतं. खराब बुचामुळे बाटलीला ओल्या पुठ्ठ्यासारखा वास लागायचा. रीस्लिंग इतकी नाजूक की तो लपायला जागाच नाही. शिवाय बूच प्रत्येक बाटलीला सारखं बसत नाही, एकच खोकं दहा वर्षांनी उघडलं तर बारा बाटल्या बारा तऱ्हेच्या. झाकणाने हा जुगार संपवला.

मी मेलबर्नकडचा. या धाग्यात पांढरीची एवढी आरती चालली आहे तर माझ्या बाजूचंही लिहितो. टोरेन्सकाठचे, तुम्ही रदरग्लेन विसरलात!

मेलबर्नहून ईशान्येला, मरी नदीच्या जवळ. तिथे तांबूस सालीचं मस्कॅट द्राक्ष वेलीवरच मनुका व्हायला ठेवतात. रस आंबायला लागला की थोड्याच वेळात त्यात स्पिरिट घालून आंबणं थांबवतात, त्यामुळे साखर तशीच राहते. मग जुन्या पिंपांत, पत्र्याच्या शेडमध्ये, उन्हाळ्याच्या काहिलीत वर्षानुवर्षं. दरवर्षी थोडं पाणी उडून जातं आणि उरलेलं घट्ट होत जातं. जुन्या-नव्याची मिसळ करून भरतात. चार पायऱ्या आहेत: रदरग्लेन, क्लासिक, ग्रँड आणि रेअर. रेअरमधल्या मिसळीचं सरासरी वय वीस वर्षांच्या पुढे. काळपट तपकिरी, कडेला हिरवट झाक, ग्लास फिरवला की काचेला तेलासारखं चिकटून राहतं. खजूर, काळ्या मनुका, जळलेली साखर, आणि शेवटी गोडाने जीभ बसायच्या आत काहीतरी आंबट येऊन तिला उचलून धरतं. चेंबर्स, मॉरिस, कॅम्पबेल्स, तिघांकडचंही चांगलं. उघडलेली बाटली आठवडेच्या आठवडे टिकते, हा आमच्यासारख्या म्हाताऱ्यांना मोठाच फायदा. दोन चमचे पुरतात.


कोकम सरबत

आम्ही थेंबही घेत नाही, तरी दोन्ही मोठे प्रतिसाद शेवटपर्यंत वाचले. ओल्या पुठ्ठ्याचा वास ओळखायला लोक पैसे मोजतात हे वाचून मात्र मौज वाटली. हलके घ्या. पुढच्या भागाच्या प्रतीक्षेत.


पर्थची मावशी

सगळे दक्षिण ऑस्ट्रेलिया नाहीतर व्हिक्टोरियाचेच! पश्चिमेला काही आहे की नाही?

मार्गारेट रिव्हर पर्थच्या दक्षिणेला तीनेक तासांवर, तीन बाजूंनी समुद्र. १९६० च्या दशकापर्यंत इथे गाई-गुरं आणि इमारती लाकूड, वाइनचं नाव नाही. जॉन ग्लॅडस्टोन्स या शेतीशास्त्रज्ञाने इथलं हवामान फ्रान्समधल्या बॉर्दो या वाइनच्या प्रदेशाच्या जवळचं आहे असं मांडलं, आणि पर्थचे डॉक्टर लोक ते वाचून जमिनी घ्यायला लागले. १९६७ मध्ये डॉ. टॉम कलिटी यांनी वास फेलिक्सची लागवड केली. मग मॉस वुड, कलन. सुरुवातीचे बरेचसे डॉक्टरच, म्हणजे रुग्ण तपासून शनिवार-रविवारी बागेत.

इथली कॅबर्ने सोव्हिन्याँ पिऊन बघा आणि मग लाल बाजूला ठेवायची की नाही ते ठरवा. काळं फळ, तमालपत्रासारखी कडसर हिरवी छटा, टॅनिन बारीक, जिभेवर खडूची पूड पसरल्यासारखं. शार्डनेबद्दल तुम्ही दोन ओळींत आटपलंत, ते बरं नाही. इथे जिनजिन नावाचं शार्डनेचं वाण आहे, त्याच्या घोसात टपोरे मणी आणि वाटाण्याएवढे बारके मणी एकत्र येतात. इथले लोक त्याला कोंबडी आणि पिल्लं म्हणतात. बारक्या मण्यांत रसाच्या मानाने साल जास्त, म्हणून वाइनला ताकद येते आणि आंबटपणाही धारदार राहतो. लीविन इस्टेटची आर्ट सिरीज शार्डने दिवाळी-दसऱ्यालाच परवडते, पण एकदा प्यावी.


टोरेन्सकाठचा

मावशी, दंडवत. शार्डनेवर वेगळा धागा काढा, मी पहिला वाचक.

कॅबर्ने निघालीच आहे तर कूनवाराबद्दल लिहितो. आमच्या राज्याच्या आग्नेय टोकाला सपाट माळावर लाल मातीची एक चिंचोळी पट्टी, लांबी साधारण पंधरा किलोमीटर आणि रुंदी एक-दोन. लाल माती हातभर, खाली चुनखडी. पट्टीच्या बाहेर काळी माती लागली की वाइनची जातच बदलते. हद्द कुठे आखायची यावर वर्षानुवर्षं कोर्टकचेऱ्या झाल्या. इथल्या कॅबर्नेत बऱ्याचदा पुदिना आणि निलगिरीचा वास येतो. हा कविकल्पनेचा भाग नाही. बागेच्या कडेला निलगिरीची झाडं असतात, त्यांचं तेल हवेतून सालीवर बसतं आणि तोडणीत पानं-सालपटं द्राक्षात जातात. झाडांच्या जवळच्या ओळींत तो जास्त सापडतो. कूनवारातल्या विन्स वायनरीची साधी काळ्या लेबलची कॅबर्ने घ्या, महाग नाही आणि पंधरा वर्षं सहज टिकते.


निफाडचा बागाईतदार

नमस्कार मंडळी. वाइन मी क्वचित पितो, द्राक्ष मात्र घरचंच. आमची थॉमसन खायची, एक तुकडा शिराझचा होता तो वायनरीला जायचा. २००८-०९ च्या मंदीनंतर आमच्या भागात वाइनच्या द्राक्षाला कुणी विचारेना, तेव्हा कित्येकांनी बागा काढून टाकल्या. आमचाही तुकडा तेव्हाच गेला.

प्रश्न शेतीचा आहे. अ‍ॅडलेडजवळच्या बारोसात शंभर-दीडशे वर्षांच्या बागा आहेत असं ऐकतो. आमच्याकडे बाग पंधरा-वीस वर्षांत थकते. खुंट कोणता वापरतात? आम्ही डॉगरिज खुंटावर कलम करतो, पाणी कमी आणि खारट म्हणून. आणि एवढ्या जुन्या वेलीला माल येतो किती?


टोरेन्सकाठचा

बागाईतदार साहेब, या धाग्यातला सगळ्यात चांगला प्रश्न.

जुन्या बागांना खुंटच नाही, वेल स्वतःच्याच मुळावर उभी आहे. युरोपातल्या बागा एकोणिसाव्या शतकात फिलॉक्सेरा नावाच्या मुळं खाणाऱ्या किडीने उद्ध्वस्त केल्या, म्हणून तिथे अमेरिकन खुंटावर कलम करणं भाग पडलं. ऑस्ट्रेलियात ती कीड १८७७ मध्ये व्हिक्टोरियातल्या जिलाँगला सापडली, पण दक्षिण ऑस्ट्रेलियाने १८९९ मध्ये कायदाच करून वेली आणि माती आणण्यावर बंधनं घातली. आजही हे राज्य त्या किडीपासून मुक्त आहे. त्यामुळे १८४० च्या दशकात सायलेशियातून आलेल्या जर्मन लुथरन कुटुंबांच्या काळातल्या काही वेली अजून फळ देतात. लँगमाइलकडे १८४३ ची शिराझ आहे. २००९ पासून बारोसात वयाप्रमाणे चार दर्जे आहेत: पस्तिशीच्या पुढची जुनी, सत्तरीच्या पुढची तगलेली, शंभरीच्या पुढची शतायुषी आणि सव्वाशेच्या पुढची पूर्वज.

या बागा बघायला गेलात तर तारा-मांडव काही दिसणार नाही. लाल मातीत कंबरेएवढी सुटी खोडं, पीळ पडलेली, मध्ये पोकळ, काही ठिकाणी खोडाचे दोन तुकडे होऊन दोन्हींतून फूट आलेली. पाणी बहुतेक पावसाचंच. माल अगदी कमी, घोस लहान, मणी बारीक. तुमच्या एकरी हिशेबात ती बाग कधीच बसणार नाही, आणि एकदा खरंच बसली नव्हती. १९८० च्या दशकात लाल वाइनला उठाव नव्हता, तेव्हा इथल्या सरकारने बागा उपटायला पैसे दिले आणि शंभर वर्षांच्या शिराझ त्यात गेल्या. पीटर लेहमन यांनी त्याआधीच, १९७९ मध्ये, शेतकऱ्यांचा माल पडून राहू नये म्हणून स्वतःची वायनरी काढली होती. रॉकफर्डच्या रॉबर्ट ओ'कॅलाहन यांनीही जुन्या बागांचं द्राक्ष घेणं चालू ठेवलं. तुमचा तुकडा गेला त्या काळात तुमच्याकडे असं कुणी उभं राहिलं असतं तर, असं वाचताना वाटलं.

शिराझबद्दल मी वर जरा तिरकस लिहिलं, पण या जुन्या खोडांच्या शिराझला तो शेरा लागू नाही. जाड असते, पण गोडसर नसते. सुकवलेलं मांस, ज्येष्ठमध, मिरी, आणि चव तोंडात बराच वेळ चालत राहते. ईडन व्हॅलीत हेन्शकी कुटुंबाची हिल ऑफ ग्रेस ही बाग १८६० च्या दशकातली, समोर जुनं लुथरन चर्च. ती बाटली माझ्या खिशाबाहेरची आहे.


जुनं खोड

शिराझचा विषय निघाला आणि पेनफोल्ड्स कंपनीची ग्रेंज नाही? तिथले वाइन बनवणारे मॅक्स शुबर्ट १९५० मध्ये युरोपात शेरी बघायला गेले आणि येताना बॉर्दोत तीस-चाळीस वर्षं टिकणाऱ्या लाल वाइन्स पिऊन आले. पेनफोल्ड्समध्ये कॅबर्ने पुरेशी नव्हती म्हणून शिराझ घेतली, फ्रेंच लाकूड मिळेना म्हणून अमेरिकन ओकची नवी पिंपं. १९५१ ची पहिली प्रयोगाची. जाणकारांना बोलावून पाजली तर सगळ्यांनी तोंडं वाकडी केली. एकाला त्यात चिरडलेल्या मुंग्या लागल्या! १९५७ मध्ये वरून हुकूम आला, बंद करा. शुबर्टनी तीन वर्षं लपूनछपून बनवली. तोवर आधीच्या बाटल्या मुरल्या, मत फिरलं, आणि १९६० पासून पुन्हा उघडपणे सुरू. आज किंमत विचारू नका. तिचाच अंदाज घ्यायचा तर त्याच घरची बिन ३८९ घ्या, कॅबर्ने आणि शिराझची मिसळ. ही जोडी ऑस्ट्रेलियाची खास.


झणझणीत

चिरडलेल्या मुंग्या, हाहा. आमच्या कोकणात डोंगळ्यांची चटणी असती तर पेअरिंगही झालं असतं.

हलकी लाल काही? उन्हाळ्यात शिराझ नको वाटते.


पर्थची मावशी

@झणझणीत, अ‍ॅडलेडजवळच्या मॅक्लारेन व्हेलची ग्रेनाश, हेही लाल द्राक्षच. जुन्या झुडपी वेलींची, पण हल्ली लोक ती पिनो न्वारसारखी हलक्या हाताने बनवतात. रासबेरी, संत्र्याची साल, थोडी मिरी. अर्धा तास फ्रीजमध्ये ठेवून प्या. पिनोच हवी तर मॉर्निंग्टन, यारा, टास्मानिया. आणि बाटलीवर शिराझऐवजी सिरा लिहिलं असेल तर बहुधा बनवणाऱ्याला हलकी, मिरमिरीत शैली सुचवायची असते. कॅनबेराजवळच्या क्लोनाकिलाची शिराझ-व्हियोन्ये याच वळणाची: लाल शिराझमध्ये चमचाभर पांढरं व्हियोन्ये, वासाला एकदम फुलं.

नव्या जातीही बऱ्याच आल्यात, फियानो, नेरो दाव्होला. उन्हाला आणि कमी पाण्याला टिकतात म्हणून. आल्बारिन्यो म्हणून लावलेलं द्राक्ष २००९ च्या सुमारास भलतंच, साव्हान्याँ, निघालं आणि रातोरात लेबलं बदलावी लागली. वाइन चांगलीच होती, तीच राहिली.


शंकासुर

झाकणाची शंका फिटली. आता मुद्द्याचं: हे पुण्यात मिळणार कुठे आणि कितीला? आमच्या इथल्या दुकानात रीस्लिंग मागितली तर 'ते काय असतं' म्हणाले. जी शिराझ मिळाली ती काचेच्या दारामागे उभी, दुपारभर ऊन खात. उघडली तर शिजलेल्या मुरांब्यासारखी.


टोरेन्सकाठचा

@शंकासुर, उन्हातली बाटली घेऊच नका, फुकट दिली तरी. एप्रिल-मेमध्ये तर दुकानात एसी चालतो का ते आधी बघा. आणि लाल वाइन 'रूम टेंपरेचरला' प्यावी हे वाक्य ज्या खोल्यांसाठी आहे त्या पुण्यात नाहीत. शिराझ सोळा-अठरा अंशांना चांगली लागते, म्हणजे ओतण्याआधी वीस-पंचवीस मिनिटं फ्रीज.

किमतीचं चित्र हळूहळू बदलतंय. भारत-ऑस्ट्रेलिया व्यापार करार २९ डिसेंबर २०२२ पासून लागू आहे. आधी आयात वाइनवर १५० टक्के शुल्क होतं. करारात पाच अमेरिकी डॉलरच्या पुढच्या बाटलीचं लगेच १०० वर आलं, ते दहा वर्षांत ५० वर जायचं आहे. पंधरा डॉलरच्या पुढच्या बाटलीचं ७५ वर आलं आणि २५ पर्यंत उतरायचं आहे. म्हणजे सवलत चांगल्या बाटलीला जास्त. राज्याचं उत्पादन शुल्क आणि दुकानदाराचा नफा त्यावर वेगळा, त्यामुळे बिलात फार फरक दिसत नाही. कुणी इकडून येणार असेल तर त्याला शिराझ सांगू नका, ती तुम्हाला तिथेच मिळते. क्लेअरची रीस्लिंग आणि रदरग्लेनची अर्धी बाटली सांगा.


निफाडचा बागाईतदार

माहितीबद्दल आभार. मुलगा अ‍ॅडलेडला शिकायला यायचं म्हणतोय, तेव्हा एकदा बारोसा बघायचा विचार आहे. तोडणी बघायची तर कधी यावं?


टोरेन्सकाठचा

इथली तोडणी फेब्रुवारी ते एप्रिल, म्हणजे तुमचा माल निघायच्याच दिवसांत, तुम्हाला घर सोडता येणार नाही. तुमची खरड छाटणी उरकली की जून-जुलैत या. इथे छाटणी वर्षातून एकदाच, ती नेमकी तेव्हा चालू असते आणि जुन्या खोडांवर कात्री कशी चालवतात ते जवळून बघता येईल. थंडी चांगलीच असते. एकच विनंती, बागेत घालायचे बूट घरी ठेवून या. मातीचे बूट घेऊन आलात तर विमानतळावरच अडवतील, आणि बागेच्या फाटकावरही आधी तळवे बघतात.